मांजराच्या पोटातले केस आणि चमचाभर तेल

फजरच्या अजानला अजून वेळ असतो आणि पलंगाखालून तो आवाज येतो. खक्, खक्, खक्. मांजर असलेल्या घरात तो ओळखायला दिवा लावावा लागत नाही. अर्धवट झोपेत कुणीतरी म्हणते, “आधी जानमाज उचला.” सकाळी लादीवर बोटभर लांबीची, ओली, करडी गुंडाळी सापडते. नवख्या माणसाला ती भलतेच काही वाटते. जवळून पाहिले की कळते, हे मांजराचे स्वतःचेच केस आहेत.

यावर आपल्याकडे उपाय ठरलेला आहे. चमचाभर तेल पाजा. कुणी तूप म्हणते, कुणी खोबरेल, ज्यांच्या घरात गोळ्या-औषधांचा डबा मोठा त्यांच्याकडे माशाचे तेल. तेल निसरडे, तेव्हा केस त्याच्यावरून सरकून खाली जातील, हा हिशेब कुणालाही पटण्यासारखा आहे. आम्हालाही पटला होता. रत्नागिरीत नारळाला तोटा नाही आणि चाचींनी स्वतःच्या हाताने काढलेले खोबरेल घरात कायम असते.

आमची मनी साधी गावठी मांजर, आखूड केसांची. दोन पावसाळ्यांपूर्वी तिची ती खकखक वाढली. आधी महिन्यातून एकदा, मग आठवड्यातून, मग एक दिवसाआड. मान लांब करून, पोट जमिनीला टेकवून ती खोकायची आणि थोड्या वेळाने काही झालेच नाही अशी चालू लागायची. बहुतेक वेळा बाहेर काहीच पडत नसे. हीच गोष्ट आमच्या लक्षात यायला हवी होती. चाची म्हणाल्या, “गोळा अडकलाय गो घशात, तेल पाज तिला.” मीच तिला टॉवेलात गुंडाळून धरले आणि चाचींनी बोंडल्याने खोबरेल पाजले. चार दिवस रोज सकाळी. पाचव्या दिवशी मनीने खाणे सोडले, अंग तापले, श्वास घेताना तिच्या कुशी आत-बाहेर होऊ लागल्या.

तिला पिशवीत घालून आंबा घाट चढून कोल्हापूरला नेले. एक्स-रेत दोन गोष्टी दिसल्या. एक, तेलाचा काही भाग पोटाऐवजी फुप्फुसात गेला होता. दुसरी, मुळात तिच्या घशात केसांचा गोळा नव्हताच. तिला दमा होता. मांजरांना दमा होतो हे आम्हाला ठाऊकच नव्हते. डॉक्टरांनी फोटो उजेडात धरून दाखवला आणि चाचींकडे बघून सौम्यपणे म्हणाले, “तेल वाईट नाही, आजी. पण ते जिथे जावे असे तुम्हाला वाटते तिथे ते जात नाही.”

त्यांच्या या वाक्याचा अर्थ पुढे वाचून, विचारून हळूहळू समजत गेला. आपल्यापैकी अनेक घरांत मांजर आहे. आखाती देशात किंवा मुंबईत नोकरीला असलेली मुले हल्ली पर्शियन पिल्लेही घेऊन येतात आणि मग ती पाच-सहा किलोची केसाळ जबाबदारी आई-वडिलांवर सोडून परत जातात. त्यांच्यासाठी हे सगळे जरा सविस्तर.

जीभ की फणी

मांजराने हात चाटला तर खरखरीत लागते. तिच्या जिभेवर केराटिनचे, म्हणजे आपल्या नखांच्या जातीच्या पदार्थाचे बारीक काटे असतात आणि त्यांची टोके घशाच्या दिशेला वळलेली असतात. अमेरिकेतल्या जॉर्जिया टेक या संस्थेच्या संशोधकांनी २०१८ साली या काट्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. काट्याचे टोक भरीव नसून पन्हळीसारखे पोकळ असते. त्यात लाळ चढते आणि थेट केसांच्या मुळापर्यंत पोहोचवली जाते. म्हणजे मांजर एकाच वेळी अंग विंचरते आणि धुतेही.

अडचण अशी की काटे मागे वळलेले असल्यामुळे जिभेला लागलेला केस तिला थुंकता येत नाही. तो गिळावाच लागतो. केसही केराटिनचाच, तेव्हा तो पोटात पचत नाही. निरोगी मांजराचे बहुतेक केस अन्नाबरोबर पुढे सरकतात आणि विष्ठेतून निघून जातात. जे जठरात मागे राहतात ते एकमेकांत गुंततात, त्यांना अन्नातला चिकट, तेलकट अंश धरून ठेवतो आणि बोळा तयार होतो. तो उलटीवाटे बाहेर येताना अन्ननलिकेतून दाबला जातो, म्हणून त्याचा आकार गोल न राहता लांबट होतो. आपण गोळा म्हणतो खरे, पण लादीवर सापडते ती गुंडाळीच.

जनावरांच्या पोटातल्या अशा गोळ्यांना डॉक्टरांच्या भाषेत ‘बेझोआर’ म्हणतात. हा शब्द आपल्याला परका वाटू नये. तो फारसीतल्या ‘पादजहर’वरून आला आहे, म्हणजे विषापासून राखणारा. इराणकडच्या रानबोकडांच्या पोटात सापडणारे खडे विषावर उतारा म्हणून शतकानुशतके विकले गेले. बाराव्या शतकात अंदलुसियाचे हकीम इब्न जुहर यांनी त्यांच्याविषयी लिहिले. अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाच्या दरबारी जाणारे पोर्तुगीज वैद्य गार्सिया द ओर्ता यांच्या १५६३ साली गोव्यात छापलेल्या ग्रंथातही त्यांच्यावर प्रकरण आहे. पुढे खरे खडे पुरेनात, तेव्हा सतराव्या शतकात गोव्यातल्या जेझुइटांनी हाताने बनवलेले ‘गोवा स्टोन’ विकायला काढले, तेही सोन्याच्या जाळीदार डब्यांतून. ज्या वस्तूसाठी राजे सोने मोजत, तीच आपल्याकडे मांजर फुकट देते आणि आपण फडके शोधत फिरतो.

तेल पोटात गेल्यावर

आता मूळ प्रश्न. स्निग्ध पदार्थाने हे केस निघून जायला मदत होते का? होते, पण चमच्याने पाजल्याने जे होईल असे आपल्याला वाटते, ते त्यातून होत नाही.

तूप, खोबरेल, माशाचे तेल, कोंबडीची चरबी हे सगळे मांजराचे अन्न आहे. मांजर मुळात मांसाहारी, त्यामुळे चरबी पचवण्यात ती आपल्यापेक्षा कमी नाही. खाल्लेल्या चरबीतला दहापैकी नऊ हिश्शांहून अधिक भाग लहान आतड्यात पचतो आणि रक्तात जातो. आतड्याची वाट निसरडी करायला तो शिल्लकच राहत नाही. शिवाय चरबी आतड्यात उतरली की शरीर जठराला खूण करते, जरा सावकाश. बिर्याणी खाल्ल्यावर पोट तासन् तास भरलेले राहते ते याचमुळे. मांजराचेही तसेच. म्हणजे केस जठरातून लवकर पुढे जावेत म्हणून चमचाभर तूप पाजावे, तर जठर उलट रेंगाळते.

याच खुणेने पित्ताशय आकुंचन पावते आणि पित्त आतड्यात सुटते. पित्त तेलकटपणा फोडते. त्यामुळे केसांना धरून ठेवणारा चिकट थर सुटत असावा, असे काही जण मांडतात. अंड्याच्या बलकात लेसिथिन असते, तेही तेल आणि पाणी एकत्र आणणारे. म्हणून बलक द्यावा असाही सल्ला ऐकायला मिळतो. यामागे तर्क आहे, पक्का पुरावा म्हणावा असे फारसे नाही. उकडलेल्या अंड्याचा अर्धा बलक आठवड्यातून एक-दोनदा दिला तर मांजर खुश होते आणि नुकसान काही नाही, एवढे मी सांगेन.

मग खरी मदत कुठे? ती पोटात नाही, कातडीवर आहे. जो केस गळलाच नाही तो गिळलाही जात नाही. कातडी कोरडी पडली, खाज सुटली, केस राठ होऊन गळू लागले की मांजर अधिक चाटते आणि अधिक केस पोटात जातात. कातडी निरोगी ठेवायला मांजराला काही स्निग्धाम्ले अन्नातूनच मिळावी लागतात. त्यातले एक लिनोलेइक आम्ल. दुसरे ॲराकिडोनिक आम्ल. कुत्रा आणि माणूस पहिल्यापासून दुसरे आपल्या शरीरात बनवू शकतात, मांजराला ते पुरेसे जमत नाही. ते तिला प्राण्यांच्या चरबीतूनच घ्यावे लागते. म्हणून भात-दूध किंवा पोळीचे तुकडे खाणाऱ्या मांजराचे अंग बघा, केस विझलेले असतात. अमेरिकेत मांजरांच्या खाद्याचे जे मापदंड आहेत, त्यांत पाणी वजा जाता किमान ९ टक्के स्निग्धांश असावा, असे सांगितलेले आहे.

आता खोबरेल घ्या. त्यात जवळजवळ निम्मे लॉरिक आम्ल असते आणि लिनोलेइक आम्ल जेमतेम दोन टक्क्यांच्या आसपास. ॲराकिडोनिक शून्य. कोकणातल्या माणसाला हे लिहिताना जड जाते, पण मांजराच्या केसांसाठी नारळाचा उपयोग नाही. कोंबडीच्या चरबीत लिनोलेइक आम्ल सुमारे एक पंचमांश असते, शिवाय थोडे ॲराकिडोनिकही. आणि ओमेगा-३ हवे असेल, जे खाज आणि दाह कमी करायला मदत करते, तर ते आपल्या मिरकरवाड्याच्या बंदरावर टोपल्यांनी उतरते.

बांगडा, तारली आणि त्यांची मर्यादा

बांगडा आणि तारली हे तेलकट मासे. पावसाळ्यानंतरची तारली तव्यावर टाकली की स्वतःच्याच तेलात भाजते, हे आपल्या बायकांना सांगायला नको. मांजराला आठवड्यातून दोन-तीन वेळा असा मासा, दोन बोटांएवढा तुकडा, मिळाला तर महिन्या-दीड महिन्यात केसांवर तुकतुकी दिसते. बाटलीतल्या तेलापेक्षा हे बरे, कारण मांजर ते स्वतः खाते, पाजावे लागत नाही.

पण ‘मांजराला मासा आवडतो, मग मासाच देऊ’ हे मात्र करू नका. ही चूक किनाऱ्यावरच जास्त होते. तारली, बांगडा, मांदेली यांसारख्या काही माशांत कच्चे असताना थायमिनेज नावाचे एक द्रव्य असते, ते ब-१ जीवनसत्त्व नासवते. रोज कच्चा मासा खाणाऱ्या मांजराची मान खाली झुकते, चाल लडखडते, झटके येतात. शिजवले की हे द्रव्य निकामी होते. म्हणून मासा उकडून, काटे काढून द्यावा. बाजारातून आणल्यावर उरलेली डोकी-आतडी अंगणात भिरकावण्याची आपली सवय जुनी आहे, ती सोडलेली बरी.

दुसरी गोष्ट, रोजच तेलकट मासा आणि दुसरे काहीच नाही असे झाले, तर शरीरातले ई जीवनसत्त्व संपते आणि कातडीखालची चरबी पिवळी, गाठाळ होऊन दुखू लागते. अशा मांजराच्या पाठीवरून हात फिरवला तरी ती ओरडते. आणि बाटलीतले कॉड लिव्हर ऑइल हे साधे माशाचे तेल नव्हे. ते माशाच्या यकृताचे, त्यात अ आणि ड जीवनसत्त्वे भरपूर, ती शरीरात साठत जातात. मुशीचे काळीज रोज घालणाऱ्यांनीही हे लक्षात घ्यावे. माशाच्या तेलाची कॅप्सूल द्यायचीच असेल तर वजन सांगून डॉक्टरांकडून मात्रा घ्यावी आणि ती फोडून खाण्यावर टाकावी.

मासा किंवा कोंबडी उकडलेले पाणी ओतून देऊ नका. सुटलेली चरबी त्यातच तरंगते आणि टॉरीन नावाचे द्रव्यही त्यात उतरते, जे मांजराच्या हृदयाला आणि डोळ्यांना लागतेच. त्याच पाण्यात खाणे कालवून द्या. मात्र मीठ, मसाला, कांदा, लसूण काही नको. कांदा-लसणाने मांजराच्या रक्तातल्या तांबड्या पेशी फुटतात, त्यामुळे आपल्या ताटातला उरलेला कालवणाचा मासा तिच्यासाठी नाही. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते, तेव्हा घराघरांत सुकट आणि खारे बांगडे निघतात. मांजर त्यासाठी जीव टाकते, पण ते मीठच मीठ. त्या दोन महिन्यांत कोंबडी बरी. घरच्या खाण्यात सगळी द्रव्ये बसवणे सोपे नसते, म्हणून रोजच्या पोटभरीला मांजरांसाठीचे तयार संपूर्ण खाद्य आणि वर हा मासा-कोंबडीचा घास, अशी वाटणी मला सोयीची वाटते.

तयार खाद्याच्या पाकिटावर स्निग्ध पदार्थ कोणता ते वाचा. ‘चिकन फॅट’, ‘फिश ऑइल’ लिहिले असेल तर प्रश्न नाही. काही पाकिटांवर नुसतेच ‘ॲनिमल फॅट’ असते, कोणत्या प्राण्याची ते नाही. असे खाद्य मांजराला घालावे का, हा मसला आपल्या मौलानांना विचारावा. बाजारात स्पष्ट लिहिलेली पाकिटे मिळतात, तेव्हा मी तीच घेते.

प्रमाणाचे एकच गणित सांगते. चार किलोच्या घरबैठ्या मांजराला दिवसाला साधारण २०० ते २५० कॅलरी पुरतात. एका लहान चमच्यात, म्हणजे ५ मिलिलिटर तेलात, सुमारे ४० कॅलरी असतात. आपल्या हिशेबात चमचाभर म्हणजे काहीच नाही, मांजराच्या हिशेबात तो दिवसाच्या जेवणाचा पाचवा-सहावा हिस्सा. बकरी ईदला याचा प्रत्यय येतो. कुर्बानीच्या मांसाची काढलेली चरबी गल्लीतल्या मांजरांना घातली जाते, प्रेमानेच, आणि दुसऱ्या दिवशी दारोदारी उलट्या आणि जुलाब. काहींच्या स्वादुपिंडालाही सूज येते. त्या दिवशी आणखी एक सांभाळा. मांसाची पुडी बांधलेला दोरा मांसाच्या वासाचा असतो आणि मांजर तो गिळते.

जे खरेच निसरडे करते

आतड्यात शोषले न जाणारे तेल वेगळे. लिक्विड पॅराफिन आणि पेट्रोलियम जेली ही खनिज तेलाची रूपे, ती अन्न नव्हेत, म्हणून पचत नाहीत आणि केसांबरोबर शेवटपर्यंत जातात. मांजरांसाठी मिळणाऱ्या केसांच्या मलमवजा औषधांत बहुधा हेच असते. ते पंजाला लावावे, मांजर चाटून घेते. जेवणाबरोबर देऊ नये, कारण अ, ड, ई, के ही तेलात विरघळणारी जीवनसत्त्वे त्याच्याबरोबर वाहून जातात. आणि रोजचे व्यसन करू नये.

पॅराफिन असो की खोबरेल, तोंडात ओतायचे नाही. पाणी चुकून श्वासनलिकेत गेले तर ठसका लागतो आणि ते बाहेर येते. तेल गुळगुळीत, ते ठसका न लागताच आत उतरते. फुप्फुसात गेलेले तेल शरीराला तिथून सहज काढता येत नाही, त्याभोवती सूज धरते. आमच्या मनीचे हेच झाले. चाचींनी तिन्ही नातवंडांना याच बोंडल्याने घुटी पाजली होती, त्यांच्या हातात कसर नव्हती. मांजराला धरून पाजणे हीच चूक, आणि धरले मी होते.

तंतुमय पदार्थांचाही उपयोग होतो. सत इसबगोल असलेल्या खाण्याने लांब केसांच्या मांजरांच्या विष्ठेतून अधिक केस बाहेर पडतात, असे अभ्यासात दिसले आहे. आखूड केसांच्या मांजरांत तसा फरक दिसला नाही. चिमूटभर इसबगोल भरपूर पाण्यात भिजवून ओल्या खाण्यात मिसळावे. कोरडे दिले तर तेच फुगून अडकायचे.

पण या सगळ्यापेक्षा स्वस्त आणि गुणकारी वस्तू म्हणजे फणी. फणीत आलेला केस पोटात जात नाही, यात समजण्यासारखे काही अवघड नाही. पर्शियन मांजराला रोज, गावठीला आठवड्यातून दोनदा. आमच्याकडे असरनंतरची पाच मिनिटे त्यासाठी ठरलेली आहेत. फणीतून काळी बारीक रवाळ घाण निघाली तर ती ओल्या पांढऱ्या कागदावर टाका. लालसर डाग पसरला तर त्या पिसवा. आपल्या दमट हवेत त्या बारमाही असतात आणि आखूड केसांची मांजर वारंवार केस ओकू लागली तर पहिला संशय त्यांच्यावरच घ्यावा. औषध मात्र मांजराचेच हवे. कुत्र्यांच्या पिसवांवरच्या काही औषधांत परमेथ्रिन असते, त्याने मांजर दगावते.

केस, कपडे आणि वुजूचे पाणी

मांजर पाळणाऱ्या भगिनींचा हा नेहमीचा प्रश्न. हजरत अबू कतादा (रजि.) यांची रिवायत प्रसिद्ध आहे. त्यांच्या सुनेने, हजरत कबशा यांनी, वुजूसाठी पाणी ठेवले होते. मांजर आले, तर त्यांनी भांडे तिरके करून त्याला पिऊ दिले. सुनेला आश्चर्य वाटले, तेव्हा त्यांनी प्रेषित (सल्ल.) यांच्या शिकवणीचा दाखला दिला, की मांजर नापाक नाही, ते घरात तुमच्यात ये-जा करणाऱ्यांतले आहे. हे झाले तिच्या उष्ट्याविषयी. तिची उलटी मात्र नापाक, ती जानमाजवर पडली तर तेवढी जागा धुवावी लागते. गळलेल्या केसांबाबत मसलकांत फरक आहे. आपल्या कोकणात बहुतेक घरे शाफई, आणि शाफई फिकहमध्ये थोडे केस माफ असले तरी त्याचा तपशील आहे, तो इमामसाहेबांकडून समजून घ्यावा. आमच्या घरात नमाजच्या खोलीचे दार लावलेले असते आणि फणी बाहेरच्या पडवीत.

मांजर कोंडून उपाशी मारणाऱ्या स्त्रीची हदीसही आपल्याला माहीत आहे. तिने स्वतः खायला दिले नाही आणि बाहेर जाऊन काही शोधून खायला सोडलेही नाही. चौथ्या मजल्यावरच्या फ्लॅटमधल्या पर्शियन मांजरीकडे पाहिले की मला त्या हदीसचा दुसरा अर्धा भाग आठवतो. तिला गवताचे पाते मिळत नाही, उंदीर मिळत नाही. जे मिळते ते आपल्याच हातून.

केव्हा थांबायचे नाही

महिन्या-दोन महिन्यांतून एखादी गुंडाळी पडली, मांजर खेळते-खाते आहे, तर काळजीचे कारण नाही. लांब केसांच्या मांजरांत ती थोडी अधिक वेळा पडते. पण खोकला येतो आणि बाहेर काही पडत नाही, असे दोन-तीनदा झाले तर मोबाइलवर त्याचे चित्रण करून डॉक्टरांना दाखवा. आम्ही ते केले असते तर तेल पाजायची वेळ आली नसती. दम्यात मांजर मान लांब करून खोकते, श्वास सोडताना शीळ वाजल्यासारखे होते. तोंड उघडे ठेवून श्वास घेत असेल तर त्याच घटकेला निघा.

वारंवार उलट्या, शौच बंद, पोट कडक, खाण्याकडे पाठ. यात केसांचा बोळा आतड्यात अडकलेला असू शकतो, किंवा शिवणाचा दोरा, किंवा गळाचे तंगूस. बंदराजवळच्या घरांत तंगूस मांजराच्या पोटात जाणे नवल नाही. तोंडातून किंवा मागून दोरा लोंबताना दिसला तर ओढू नका, आतडे कापले जाते. तो तसाच ठेवून दवाखाना गाठा. सरकारी पशुवैद्यकीय दवाखान्यात मांजर नेता येते, तो फक्त गाई-म्हशींसाठी नसतो. मोठी शस्त्रक्रिया लागली तर मुंबईत परळला पशुवैद्यक महाविद्यालयाचे रुग्णालय आहे.

आणि ‘दोन दिवस बघू, तूप देऊन बघू’ हे मांजराच्या बाबतीत चालत नाही. माणूस दोन दिवस उपाशी राहिला तर अशक्त होतो. मांजर, विशेषतः लठ्ठ मांजर, दोन-तीन दिवस जेवली नाही तर शरीरातली चरबी यकृताकडे धावते, यकृत ती पेलू शकत नाही आणि मूळ दुखणे राहते बाजूला, यकृतच निकामी होऊ लागते. चोवीस तास अन्नाला तोंड लावले नाही, तर ती डॉक्टरांची वेळ.

मनी बरी व्हायला सात आठवडे लागले. उजव्या फुप्फुसाच्या खालच्या भागात डाग राहिला, तो राहणारच आहे. दम्यासाठी तिला लहान मुलांच्या पंपासारखा पंप आहे, त्याला पुढे मास्क लावलेला. सकाळ-संध्याकाळ तो नाकावर धरून दहा श्वास मोजायचे असतात. पहिले काही दिवस तिने सगळ्यांना ओरबाडले. आता ती चाचींच्या मांडीवरच बसते, दुसऱ्या कुणाला मास्क धरू देत नाही. चाची मोठ्याने मोजतात, सातव्या श्वासाला मनी मान फिरवते आणि चाची पुन्हा एकपासून सुरू करतात.